पोर्ता पोर्तेझेच्या जुन्या डीव्हीडी: घ्या, पण डबिंगचं साल बघून घ्या

रोममध्ये दर रविवारी सकाळी पोर्ता पोर्तेझेचा बाजार भरतो, त्रास्तेव्हेरेच्या बाजूला, व्हिया पोर्तुएन्सेवर, आणि दुपारी दोनच्या आसपास सगळे गाशा गुंडाळतात. जुने बूट, नळाच्या तोट्या, कुणाच्या तरी आजीचे चमचे, काय वाट्टेल ते मिळतं. मी तिथून डीव्हीडी आणल्या. पाच. म्हातारबाबा दहा युरो म्हणत होते, मी सहा म्हटलं, आठवर मिटलं, आणि वर त्यांनी मलाच ऐकवलं की या भावात तर रिकामा डबाही येत नाही. त्यातला एक डबा खरंच जवळजवळ रिकामा निघाला पण ते पुढे सांगतो.

आधी सांगतो की घेतल्या कशासाठी, कारण हे सगळे सिनेमे ऑनलाइन सापडतात आणि मला इंग्रजी येतं, मग डब केलेली इटालियन डिस्क कोण विकत घेईल असं तुम्ही म्हणाल. मीही म्हणायचो. डबिंग म्हटलं की माझ्या डोक्यात एकच चित्र असायचं, तोंड एकीकडे हलतंय आणि आवाज दुसरीकडून येतोय आणि तीनच माणसं मिळून पन्नास पात्रं बोलतायत. इथे आल्यावर ऑफिसातला एक जण जेवताना सहज बोलून गेला की रॉबर्ट डी नीरोचा, त्या हॉलिवूडच्या नटाचा, खरा आवाज ऐकला तेव्हा मला तो नकली वाटला. मी हसलो. तो हसला नाही. त्याने लहानपणापासून जो डी नीरो ऐकला होता तो म्हणजे फेर्रुच्चो आमेन्दोला, इटालियन डबिंग कलाकार, आणि त्याच्या आईने जो ऐकला तोही तोच.

तर हा रिव्ह्यू म्हटलं तर डीव्हीडींचा आहे आणि म्हटलं तर त्या एका माणसाच्या आवाजाचा.

आमेन्दोला 1930 मध्ये तोरिनोला जन्मला पण वाढला रोममध्ये, आणि 2001 मध्ये गेला तोही रोममध्येच. आवाजात रोम आहे, लपवूनही लपत नाही. पोरगा होता तेव्हापासून माइकसमोर. 1945 चा 'रोमा चित्ता आपेर्ता' आठवा, रोस्सेल्लिनीचा, त्यातल्या छोट्या मार्चेल्लोचा आवाज आमेन्दोलाचा आहे. म्हणजे चेहरा दुसऱ्या पोराचा आणि आवाज याचा, आणि हे परदेशी सिनेमात नव्हे, अस्सल इटालियन सिनेमात. कारण तेव्हा इकडे शूटिंगच्या वेळी आवाज घेण्याची पद्धतच फारशी नव्हती, चित्रीकरण आधी, बोलणं नंतर स्टुडिओत. क्लाउदिया कार्दिनालेसारखी नटी, तिचा स्वतःचा आवाज लोकांनी पडद्यावर ऐकला तो 1963 च्या फेल्लिनीच्या 'साडेआठ'मध्ये, त्याआधी दुसऱ्याच बायका तिच्यासाठी बोलत होत्या. हे एकदा डोक्यात बसलं की इटालियन लोकांना डबिंगचं वावडं का नाही ते कळतं. त्यांच्याकडे चेहरा आणि आवाज ही पहिल्यापासून दोन वेगळी खाती आहेत.

त्यात मुसोलिनीच्या सरकारने 1930 पासून परदेशी भाषेतले संवाद थिएटरात वाजवू द्यायचं बंद केलं होतं, त्यामुळे डबिंगचा धंदा जो उभा राहिला तो राहिलाच. सरकार गेलं, धंदा रोममध्ये पक्का झाला. 1944 मध्ये तर या लोकांनी स्वतःची सहकारी संस्था काढली होती, चीडीची म्हणतात तिला.

बरं आता डिस्का.

पहिली लावली 'टॅक्सी ड्रायव्हर'. डब्यावर तो सिआएचा, म्हणजे इथल्या कॉपीराइट संस्थेचा, चंदेरी शिक्का होता, म्हणजे माल पायरेटेड नाही, एवढं बघूनच घ्या कारण शेजारच्या पेटीत घरी प्रिंट केलेली कव्हरंही पडलेली होती. डिस्कवर दोन ओरखडे, एका ठिकाणी सेकंदभर अडकते, बाकी ठीक. आरशासमोरचा तो सीन मी आधी इंग्रजीत पाहिला, मग रिमोटने भाषा बदलून इटालियनमध्ये, मग परत इंग्रजीत. असं चार वेळा केलं. डी नीरो तो सीन जवळजवळ खेळल्यासारखा करतो, हलका, थोडा वेडसर. आमेन्दोला खालून येतो. घशात काहीतरी अडकलंय आणि माणूस ते गिळत बोलतोय असा आवाज, आणि वाक्याच्या शेवटी तो आवाज वर जात नाही, खाली बसतो. मला वाटलं होतं की हा नक्कल करेल. नक्कल नाहीये. तेच दृश्य दुसऱ्या नटाने केलंय असं म्हणा हवं तर. कुठलं चांगलं? माझं मत इंग्रजीकडे, अर्ध्या गुणाने. पण एवढं जवळ येईल असं वाटलं नव्हतं.

हे लोक काम कसं करतात तेही सांगतो. सिनेमाचे छोटे छोटे तुकडे पाडतात, त्याला आनेल्लो म्हणजे कडं म्हणतात, कारण पूर्वी फिल्मच्या तुकड्याची दोन टोकं जोडून खरंच कडं करायचे आणि ते फिरत राहायचं. समोर पडदा, पुढ्यात लेज्जो म्हणजे कागद ठेवायचा स्टँड, अंधार, आणि उभ्याने बोलायचं. एक कडं झालं की पुढचं. ओठ मिटले की आपलेही मिटले पाहिजेत. आता विचार करा, डी नीरोने ज्या भूमिकेसाठी महिनोन्महिने घालवले ती या माणसाला काही दिवसांच्या पाळ्यांमध्ये उभ्याउभ्या उभी करायची, तीही दुसऱ्याच्या श्वासावर.

आणि एकटा डी नीरो असता तरी ठीक. अल पचिनोही हाच, 'सेर्पिको'पासून 'स्कारफेस'पर्यंत. डस्टिन हॉफमन हाच, 'क्रेमर'मध्ये आणि 'तूत्सी'मध्येही. स्टॅलोन हाच. पहिल्या 'रॉकी'ला आवाज जीजी प्रोयेत्तीचा होता, तोही मोठा नट, पण दुसऱ्या भागापासून आमेन्दोला आला आणि मग रॅम्बोही त्याच्याकडे गेला. टीव्हीवर बिल कॉस्बीची मालिका लागायची, त्यात तो बापही हाच. म्हणजे इटलीत सत्तर-ऐंशीच्या दशकात तुम्ही थिएटरात जा नाहीतर घरी बसा, कुठूनतरी आमेन्दोला बोलणारच.

यात मला सगळ्यात भारी काय वाटलं तर स्टॅलोन. हे जरा विचित्र वाटेल पण खरं सांगतो. स्टॅलोनचं मूळ बोलणं अर्धं तोंडातच राहतं, तो त्याचा स्वभाव आहे आणि त्याची मजाही आहे, पण आमेन्दोलाच्या आवाजात तो माणूस एकदम थकलेला आणि शहाणा वाटतो, घरचा कुणी काका असावा तसा. आणि हो, इकडे रॉकीची बायको एड्रियन नाही, आद्रियाना आहे, कारण इटालियन कानाला एड्रियन हे पुरुषाचं नाव वाटतं. रिंगमधून तो ओरडतो ते आद्रियाना म्हणूनच, आणि इथल्या लोकांना तसंच पाठ आहे. (ही डिस्क माझ्या पाचात नव्हती, ऑफिसातल्याने दिली, म्हणून रेटिंगमध्ये धरत नाही.)

दुसरी डिस्क 'स्क्वाद्रा आंतिशिप्पो', 1976 ची, आणि ही मी निव्वळ कव्हर बघून उचलली, केसाळ दाढीवाला माणूस आणि लोकरीची टोपी. हा निघाला इन्स्पेक्टर निको जिराल्दी, रोमचा पोलीस, बोलायला शिवराळ. नट तोमास मिलियान, जन्म हवानाचा, क्यूबन! त्याच्या तोंडून अस्सल रोमन गल्लीची भाषा येते ती आमेन्दोलाची. हे मला बघताना माहीतच नव्हतं, मी अर्धा सिनेमा त्या माणसाच्या उच्चारांवर खूश होतो. सिनेमा म्हणून सुमार आहे, विनोद अर्धे पांचट, पाठलाग उगाच लांबलेले, पण या मालिकेचे 1984 पर्यंत अकरा सिनेमे आले ते असेच नाही आले. इथे आमेन्दोलाला कुणा हॉलिवूडवाल्याच्या मापाचं बोलायचं नव्हतं. इथे तो सुटलाय. 'टॅक्सी ड्रायव्हर'मध्ये जो माणूस एकेक शब्द मोजून टाकतो तोच इथे मासळीबाजारात उभा असल्यासारखा बोलतो. दोन्ही एकाच वर्षी इटलीत गाजले, आणि लोकांना काही खटकलं नाही याचं मला अजून आश्चर्य वाटतं.

ही डिस्क समजायला इटालियनही पुरत नाही हे आधीच सांगतो, सबटायटल फक्त बहिऱ्यांसाठीचं इटालियन आहे आणि तेही शिव्या गाळून. मी तीन ठिकाणी थांबवून घरमालकीणबाईंना विचारलं. पहिल्या दोन त्यांनी सांगितल्या, तिसरीला म्हणाल्या हे कुठून आणलंस, आणि दार लावून घेतलं.

तिसरी म्हणजे या सगळ्या खरेदीचं सार्थक. 'हीट', दिग्दर्शक मायकल मान, 1995. डी नीरो आणि पचिनो समोरासमोर, कॉफीचं टेबल. इंग्रजीत हा सीन सगळ्या जगाने पाहिलाय. पण इटलीत याची एक वेगळीच पंचाईत होती, दोघांचाही आवाज एकच माणूस! वीस वर्षं चाललं कारण दोघं समोरासमोर आलेच नव्हते. आता एकच माणूस दोन्ही खुर्च्यांत कसा बसणार. मग आमेन्दोलाने डी नीरो ठेवला आणि पचिनो गेला जानकार्लो जान्नीनीकडे.

जान्नीनी म्हणजे कुणी साधा डबिंगवाला नाही. दिग्दर्शिका लीना व्हेर्टम्युलरच्या सिनेमांचा हिरो, 1973 मध्ये कानला सर्वोत्तम अभिनेता, 'पास्क्वालीनो सेत्तेबेल्लेत्झे'साठी ऑस्करचं नामांकन, व्हिस्कोन्तीच्या शेवटच्या सिनेमात मुख्य भूमिका. बॉन्डच्या 'कसीनो रोयाल'मध्ये तो माथिस आहे ना, तो हाच. शिक्षण इलेक्ट्रॉनिक्सचं. आणि असा माणूस अंधारात उभा राहून जॅक निकल्सनसाठीही बोलतो. आपल्याला वाटतं नट मोठा झाला की हे सोडेल. याने नाही सोडलं.

तो सीन मी किती वेळा पाहिला ते सांगत नाही, लाज वाटते. डोळे मिटून पाहिला, म्हणजे ऐकला. जान्नीनीचा पचिनो कोरडा आहे, कागदावरून नख ओढल्यासारखा, मधेच कुजबुजतो आणि मधेच एखादा शब्द चावतो. आमेन्दोला समोर बसलाय आणि घाई करत नाही. त्याची वाक्यं लहान, मधल्या जागा मोठ्या. आणि मला राहून राहून वाटत होतं की अरे या माणसाने समोरच्याचा आवाज वर्षानुवर्षं स्वतः केलाय, त्याला माहितीये पचिनो कुठे श्वास घेतो, आणि आता तो ते दुसऱ्याच्या तोंडून ऐकत उत्तर देतोय. ते दोघे त्या दिवशी एकत्र उभे होते की वेगवेगळे, काय माहीत, पण ऐकताना टेबल खरं वाटतं.

आता तक्रारी, कारण नुसतं कौतुक करून तुमचे पैसे घालवायचे नाहीत.

एक तर डब ट्रॅकमध्ये खोली मरते. 'हीट'च्या त्याच सीनमध्ये इंग्रजीत मागे कपबश्यांचा, लोकांचा एक बारीक गलका आहे, तो आवाजाला चिकटलेला आहे, दोघे खरंच त्या हॉटेलात बसलेत. इटालियनमध्ये गलका आहे पण मागे ढकललेला, आणि आवाज एकदम तुमच्या कानाशी, स्टुडिओतला. हेडफोन लावलेत तर जास्त जाणवतं. टीव्हीच्या स्पीकरवर चालून जातं.

दुसरं, सगळे एकाच इटालियनमध्ये बोलतात. न्यूयॉर्कचा टॅक्सीवाला आणि त्याचा सेनेटर यांच्या बोलीतला फरक बराचसा धुऊन निघतो. आमेन्दोला तो फरक आवाजाच्या वजनाने भरून काढायचा प्रयत्न करतो पण भाषा सपाट ती सपाट.

तिसरं जरा तांत्रिक आहे. या युरोपातल्या डीव्हीडी पाल पद्धतीच्या, सेकंदाला 25 चित्रं, आणि सिनेमा असतो 24 चा. मग सिनेमा चार टक्के जोरात पळवतात. 'हीट' 170 मिनिटांचा, तो डिस्कवर सात मिनिटं आधी संपतो. सिनेमा कापलेला नाही, नुसता पळवलाय. आणि बहुतेक वेळा त्याबरोबर आवाजही किंचित वर चढतो. बाकीच्यांना काही फरक पडणार नाही पण तुम्ही जर आवाजासाठीच डिस्क घेताय आणि तो आवाज खर्जातला आहे, तर हे दुखतं. ब्लू-रे मिळाली तर ती घ्या, तिथे ही भानगड नसते. शिवाय डिस्का रीजन 2 च्या आहेत, दुसऱ्या खंडात नेणार असाल तर आधी प्लेयर बघा.

आणि चौथी तक्रार म्हणजे शीर्षकात लिहिली ती. चौथी डिस्क होती 'चेरा उना व्होल्ता इन आमेरिका', म्हणजे 'वन्स अपॉन अ टाइम इन अमेरिका', सेर्जो लेओनेचा 1984 चा. मी ही मुद्दाम शेवटच्या रविवारसाठी ठेवली होती, लाइट बंद केले, फोन आत ठेवला, आणि डी नीरोने तोंड उघडलं तर आमेन्दोला नाही! मला वाटलं आवाज चुकीचा निवडला गेला, मेनूत गेलो, परत आलो, तोच. मग डबा उलटून बघितला तर खाली मुंगीएवढ्या अक्षरात. 2003 मध्ये या सिनेमाचं डबिंग पुन्हा नव्याने केलं गेलं, आमेन्दोला जाऊन दोन वर्षं झाली होती. नव्या आवाजात काही खोट आहे असं नाही, स्वच्छ आहे, पाच स्पीकरवर छान पसरतो. पण इथल्या प्रेक्षकांनी तेव्हा जी बोंब मारली ती मला आता कळली. ज्या माणसाने वीस वर्षं एक चेहरा एका आवाजात ऐकलाय त्याच्यासाठी हे म्हणजे घरी परत यावं आणि दार दुसऱ्यानेच उघडावं तसं. मी तर दीड महिनाच ऐकत होतो तरी मला झेपलं नाही, अर्ध्या तासाने इंग्रजीवर गेलो.

तेव्हा डबा हातात घेतलात की आधी साल शोधा. डबिंग सिनेमाच्या कितीतरी नंतरचं असेल आणि वर मोठ्या अक्षरात पाच पॉइंट एक, म्हणजे पाच स्पीकर आणि एक वूफर, लिहिलं असेल तर संशय घ्या. मूळ डबिंग बहुतेक वेळा मोनो असतं, डब्यावर बघायला भिकार दिसतं, तेच हवंय.

आमेन्दोला गेल्यावर काय झालं हेही विचारून घेतलं. वारसाहक्काने वाटणी व्हावी तशी झाली. डी नीरो बहुतेक स्तेफानो दे सान्दोकडे गेला, स्टॅलोन मास्सिमो कोर्व्होकडे, हॉफमन जोर्जो लोपेझकडे, आणि पचिनो जान्नीनीकडे होताच. एका माणसाच्या जागी चार.

स्वतःच्या चेहऱ्याने त्याने किती काम केलं हा प्रश्न मलाही पडला होता. केलं, पण सिनेमात लहानसहान. 1959 च्या मोनिचेल्लीच्या 'ला ग्रांदे ग्वेर्रा'मध्ये तो शिपायांत आहे, त्या सिनेमाला व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळाला, आमेन्दोलाला कोण बघणार. ऐंशीच्या दशकात टीव्ही मालिकांनी त्याला पडद्यावर आणलं तेव्हा पन्नाशी उलटलेली, आणि मुलगा क्लाउदियोही नट म्हणून पुढे येत होता. बायको रीता साव्हान्योने, तीही नावाजलेली डबिंग कलाकार. त्या घरात फोन कुणी उचलला तरी समोरच्याला काय वाटत असेल.

रेटिंग विचाराल तर 'हीट' पाचपैकी पाच, 'टॅक्सी ड्रायव्हर' चार (ओरखड्यांचा एक कापला), निको जिराल्दीला सिनेमा म्हणून दोन आणि आवाज म्हणून पाच, लेओनेच्या डिस्कला दोन, सिनेमाचा दोष नाही. दुकानदाराला तीन. माल खरा, भाव बरा, पण तपासून देत नाहीत आणि तिथे लावून बघायची सोय नाही, डिस्क उन्हात धरून ओरखडे मोजायचे एवढंच.

पाचवी राहिली. 'क्रेमर काँत्रो क्रेमर'चा डबा. घरी येऊन उघडला तर आत लहान मुलांची कसलीतरी व्यायामाची डिस्क, ससा उड्या मारतो आणि सोबत मोजायचं. पुढच्या रविवारी 8 नंबरची ट्राम पकडून परत गेलो, डबा दाखवला. बाबांनी चष्मा लावून डिस्क बघितली, कव्हर बघितलं, परत डिस्क बघितली आणि म्हणाले, "यातही एक पोरगंच आहे की." पैसे परत देणार नाही म्हणाले, बदल्यात दुसरं काहीतरी घे. मी विचारलं आमेन्दोलाचं आहे का. त्यांनी पेट्यांमध्ये हात घातला, बराच वेळ खालीवर केलं आणि एक कॅसेट काढली, व्हिडिओ कॅसेट, टीव्हीवरून कुणीतरी घरी रेकॉर्ड केलेली, पट्टीवर पेनने नुसतं 'फेर्रुच्चो' लिहिलेलं. माझ्याकडे व्हीसीआर नाही. घेतली तरी. फ्रिजवर ठेवलीये, कुणाकडे चालू व्हीसीआर असेल तर सांगा.